खोटा अधिकारी फोनवर, खरा पोलीस दारात : एक प्रकरण अभ्यास

पार्श्वभूमी

हे प्रकरण २०२५ च्या फेब्रुवारीत पश्चिम महाराष्ट्रातील एका जिल्ह्याच्या शहरात घडले. संबंधित कुटुंबाच्या संमतीने ते येथे मांडले असून ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. व्यक्तींचा उल्लेख त्यांच्या नात्याने किंवा पदाने केला आहे.

केंद्रस्थानी असलेल्या बाई ६८ वर्षांच्या आहेत. एका अनुदानित माध्यमिक शाळेतून त्या मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झाल्या. यजमानांचे निधन होऊन दोन वर्षे झाली होती आणि मुलगा नोकरीनिमित्त दुसऱ्या राज्यात राहत होता. बाई स्वतःचे व्यवहार स्वतः पाहतात, वर्तमानपत्र रोज वाचतात, वीजबिल मोबाईलवरून भरतात. ‘डिजिटल अरेस्ट’, म्हणजे व्हिडिओ कॉलवरून अटक केल्याचे भासवून पैसे उकळणे, हा शब्द त्यांनी ऐकलेला होता. पंतप्रधानांनी ऑक्टोबर २०२४ मध्ये ‘मन की बात’मधून दिलेला इशारा त्यांना आठवत होता आणि फोन लावताना वाजणारी सायबर फसवणुकीची सूचना त्यांना पाठ झाली होती. हे आरंभीच सांगण्याचे कारण असे की, अशा प्रकरणांत ‘अडाणी किंवा भोळी माणसे फसतात’ असा निष्कर्ष फार लवकर काढला जातो आणि या प्रकरणात तो लागू पडत नाही.

समस्या कशी उभी राहिली

सोमवारी सकाळी पावणेदहाच्या सुमारास बाईंना ध्वनिमुद्रित फोन आला. दूरसंचार नियामक प्राधिकरणाकडून (ट्राय) बोलत असल्याचा दावा त्यात होता आणि दोन तासांत मोबाईल क्रमांक बंद होणार असून माहितीसाठी नऊ हा आकडा दाबावा, असे सांगितले होते. ट्राय कोणाही ग्राहकाचा क्रमांक स्वतः बंद करत नाही आणि त्यासाठी फोनही करत नाही, हे त्या संस्थेने अनेकदा जाहीर केले आहे. पण निवृत्तिवेतनापासून गॅसच्या नोंदणीपर्यंत सर्व काही ज्या क्रमांकाला जोडलेले आहे, तो बंद होणार म्हटल्यावर माणूस आधी आकडा दाबतो.

पुढे बोलणाऱ्याने सांगितले की, बाईंच्या आधारवर मुंबईत एक सिमकार्ड घेतले गेले असून त्यावरून अश्लील संदेश पाठवले गेले आहेत आणि त्याच आधारवर उघडलेल्या बँक खात्यातून आर्थिक गैरव्यवहार झाला आहे. बाईंचा पत्ता, आधारचे शेवटचे चार आकडे आणि मुलाचे नाव त्याने स्वतःहून सांगितले. मग तो म्हणाला की, दोन तासांत मुंबईला गुन्हे शाखेत हजर व्हावे लागेल. ते अशक्य असल्याचे बाईंनी सांगताच त्याने थोडा विचार केल्यासारखे करून, वयाचा विचार करता वरिष्ठांना विनंती करतो आणि घरूनच जबाब नोंदवण्याची सवलत मिळवून देतो, असे म्हटले.

या पायरीवर थोडे थांबणे आवश्यक आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ नुसार स्त्रीला, तसेच साठ वर्षांवरील पुरुषाला, साक्षीसाठी राहत्या जागेखेरीज अन्यत्र हजर राहायला पोलीस भाग पाडू शकत नाहीत. म्हणजे जो कायद्याने दिलेला हक्क आहे, तोच भामट्याने मेहेरबानी म्हणून विकला. बाईंना त्या नियमाची पुसट कल्पना होती आणि नेमक्या त्या पुसट कल्पनेमुळेच घरून जबाब घेण्याची गोष्ट त्यांना खरी वाटली. अर्धवट माहिती येथे अज्ञानापेक्षा अधिक महागात पडली.

त्यानंतर व्हॉट्सअ‍ॅपवर व्हिडिओ कॉल सुरू झाला. समोर खाकी गणवेशातील माणूस, मागे राष्ट्रध्वज, भिंतीवर पोलीस दलाचे बोधचिन्ह आणि मधूनमधून वायरलेस संचाची खरखर. त्याने स्वतःची ओळख पोलीस उपायुक्त अशी करून दिली. नंतर मिळालेल्या एका स्क्रीनशॉटमध्ये त्याच्या खांद्यावर दोन स्टार आणि खाली लाल-निळी फीत दिसते, म्हणजे ती उपनिरीक्षकाची चिन्हे आहेत. उपायुक्ताच्या खांद्यावर अशोकस्तंभाची मुद्रा आणि स्टार असतो. ही चूक लक्षात आली असती तर, असे म्हणण्याचा मोह होतो, पण त्यात फारसा अर्थ नाही. नागरिकांनी खांद्यावरच्या चिन्हांची परीक्षा उत्तीर्ण व्हावी अशी अपेक्षा ठेवणे योग्य नाही, आणि पुढच्या वेळी भामटे मुद्राही बरोबर लावतील.

उपायुक्त दरडावत होता, तर त्याच्या हाताखालचा म्हणवणारा मराठी बोलणारा एक ‘हवालदार’ मधूनच फोन घेऊन समजूत घालत होता. पहिला बाईंना ‘मॅडम’ म्हणे आणि दुसरा ‘मावशी’. “मावशी, साहेब कडक आहेत, पण तुमच्यासारख्या बाईचा यात हात नाही हे मलाही दिसतंय,” हे त्याचे वाक्य बाईंना आजही जसेच्या तसे आठवते. दुपारी सर्वोच्च न्यायालयाच्या बोधचिन्हाखाली टंकलेला एक ‘आदेश’ आला. त्यात ‘राष्ट्रीय गोपनीयता कायद्या’खाली प्रकरणाची वाच्यता केल्यास सात वर्षांची शिक्षा असल्याचे लिहिले होते. असा कायदा भारतात नाही. १९२३ चा शासकीय गुपिते अधिनियम आहे, पण त्याचा विषय हेरगिरी आणि शासनाची गुपिते हा आहे. मुलाला फोन करू नये असे बजावणारा कोणताही तपास त्यातून निघत नाही.

‘डिजिटल अरेस्ट’ हा शब्द तीन दिवसांत एकदाही उच्चारला गेला नाही. ‘ऑनलाइन निगराणी’, ‘चौकशीत सहकार्य’, ‘निधी पडताळणी’ असे शब्द वापरले गेले. जनजागृतीने बाईंना एका नावापासून सावध केले होते आणि भामट्यांनी ते नाव टाळले.

सोमवारी रात्री मुलाचा नेहमीचा फोन आला, तेव्हा बाईंनी आवाज बसल्याचे कारण सांगून तो दोन मिनिटांत संपवला. रात्रभर मोबाईल चार्जरला लावून कॅमेरा चालू ठेवण्याची सक्ती होती. मंगळवारी सव्वाबाराच्या सुमारास त्यांनी बँकेत जाऊन बचत खात्यातील ४,८०,००० रुपये आरटीजीएसने ‘रिझर्व्ह बँकेच्या पडताळणी खात्या’त पाठवले. खाते प्रत्यक्षात दुसऱ्या राज्यातील एका व्यापारी पेढीच्या नावाचे चालू खाते होते. काउंटरवरील कर्मचाऱ्याने कारण विचारले. भाच्याला घरासाठी मदत करत असल्याचे पढवलेले उत्तर बाईंनी दिले आणि व्यवहार झाला.

बँकेतील निर्णय

बुधवारी अकरा वाजता बाई ११,५०,००० रुपयांची मुदत ठेव मोडण्यासाठी पुन्हा आल्या, तेव्हा त्याच कर्मचाऱ्याने व्यवस्थापकांना खूण केली. संशयाची कारणे साधी होती. लागोपाठ दोन दिवस मोठी रक्कम निघत होती, भाच्याच्या घरासाठी म्हणून सांगितलेले पैसे एका पेढीच्या खात्यात गेले होते, आणि एरवी दहा मिनिटे गप्पा मारणाऱ्या बाई पर्स छातीशी धरून उभ्या होत्या. पर्सची चेन अर्धी उघडी होती आणि आत मोबाईलचा पडदा उजळलेला दिसत होता.

व्यवस्थापकांनी बाईंना केबिनमध्ये बसवले आणि मोठ्याने ठेवीच्या व्याजाबद्दल बोलत राहून, पैसे भरण्याच्या चिठ्ठीच्या मागे पेनने लिहिले : ‘फोन चालू आहे का? कोणी धमकावत आहे का? फक्त मान हलवा.’ बाईंनी चिठ्ठी वाचली, नकारार्थी मान हलवली, चिठ्ठीची घडी केली आणि ती पर्समध्ये ठेवली. ज्या व्यक्तीला कोणतीही अडचण नाही, ती अशा प्रश्नाने चकित होते, रागावते किंवा हसते. बाईंनी यातले काहीच केले नाही. व्यवस्थापकांचा संशय तेथे पक्का झाला.

आता त्यांच्यापुढे पर्याय काय होते, हे पाहण्यासारखे आहे. व्यवहार करून टाकणे वरवर पाहता नियमाला धरून होते, कारण ग्राहक स्वतः हजर होती, सही जुळत होती आणि पैसे तिचे होते. व्यवहार सरळ नाकारला असता तर बाई दुसऱ्या शाखेत गेल्या असत्या, किंवा फोनवरच्या माणसाने त्यांच्याकडून मोबाईल बँकिंग सुरू करून घेतले असते. मुलाला कळवावे, तर ग्राहकाच्या खात्याची माहिती तिच्या परवानगीशिवाय नातेवाइकाला देणे बँकेच्या गोपनीयतेच्या बंधनात बसत नाही. मुलगा नॉमिनी होता, परंतु नॉमिनीला खातेदाराच्या हयातीत कोणताही अधिकार नसतो. पोलिसांना कळवता येत होते, पण तोपर्यंत बाईंनी तक्रार केलेली नव्हती आणि उलट सर्व सुरळीत असल्याचे मान हलवून सांगितले होते.

मार्ग अनपेक्षित ठिकाणी सापडला. मुदत ठेवीवर पहिले नाव दिवंगत यजमानांचे होते आणि त्यांच्या मृत्यूची नोंद बँकेकडे झालेली नव्हती. मृत्यूचा दाखला जोडल्याशिवाय ती मुदतपूर्व मोडता येणार नाही, हे व्यवस्थापकांनी पर्समधल्या फोनलाही स्पष्ट ऐकू जाईल अशा आवाजात सांगितले. त्यात खोटे काही नव्हते. घरोघरी राहून जाते तसे एक कागदाचे काम दोन वर्षे राहून गेले होते आणि त्याने एक दिवस मिळवून दिला. बाई दाखला आणण्यासाठी घरी गेल्या आणि व्यवस्थापकांनी पोलीस ठाण्यात फोन केला. मुलाला मात्र त्यांनी कळवले नाही. याकडे पुढे पुन्हा यावे लागेल.

दारातले पोलीस

संध्याकाळी साडेसहाच्या सुमारास एक महिला हवालदार आणि एक शिपाई बाईंच्या घरी गेले. दोघेही गणवेशात होते. पोलिसांच्या दृष्टीने हे स्वाभाविक होते, कारण खोट्या पोलिसाचा प्रभाव खऱ्या पोलिसाला पाहून उतरेल अशीच कोणाचीही समजूत असते.

घडले ते उलटे. बाईंच्या आधारवर गैरव्यवहार करणाऱ्या टोळीला स्थानिक पोलिसांतही सामील असलेली माणसे आहेत आणि त्यांपैकी कोणी आले तर आधी ओळखपत्र मागावे, असे फोनवरच्यांनी दुपारीच सांगून ठेवले होते. बाईंनी साखळी न काढता दार चार बोटे उघडले आणि ओळखपत्र मागितले. महिला हवालदाराने ते फटीतून आत दिले. बाईंनी ते घेऊन मोबाईलच्या कॅमेऱ्यासमोर धरले, आणि खऱ्या हवालदाराचे खरे ओळखपत्र खोट्या उपायुक्ताने तपासून बनावट ठरवले. “हेच ते लोक. दार लावून घ्या,” असा आवाज दाराबाहेरही ऐकू आला.

आज्ञाधारकतेवर येल विद्यापीठात मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली मिलग्रम यांनी १९६१ पासून जे प्रयोग केले, त्यांतील दोन प्रकार येथे आठवतात. दुसऱ्या माणसाला विजेचे वाढते झटके द्यावेत, अशी आज्ञा त्यांत दिली जाई; झटके खोटे असत, पण देणाऱ्याला ते माहीत नसे. मूळ प्रयोगात ६५ टक्के लोकांनी शेवटपर्यंत आज्ञा पाळली होती. आज्ञा देणारा खोलीतून निघून जाऊन फोनवरून सूचना देऊ लागला, तेव्हा हे प्रमाण सुमारे पाचव्या हिश्श्यावर आले. भामटे सतत कॅमेरा चालू ठेवायला का लावतात, याचे उत्तर त्यात आहे, कारण चित्रामुळे फोनवरचा माणूस पुन्हा खोलीत येतो. दुसऱ्या प्रकारात एकाच दर्जाच्या दोघांनी परस्परविरोधी आज्ञा दिल्या, तेव्हा शेवटपर्यंत कोणीच गेले नाही. त्या न्यायाने दारात खरे पोलीस उभे राहताच बाई थांबायला हव्या होत्या. पण प्रयोगात दोन्ही अधिकारी सारख्याच विश्वासाचे होते. येथे पहिल्याने दुसऱ्याला, तो येण्यापूर्वीच, बदनाम करून ठेवले होते. ज्याने गणवेशावरचा विश्वास आधी ताब्यात घेतला, त्याच्याविरुद्ध गणवेश हे साधन उरत नाही, ही या प्रकरणातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट आहे.

पोलिसांपुढेही पर्याय होते. दार उघडण्यासाठी आग्रह धरता आला असता. शिपायाने तसे सुचवले. त्यामुळे फोनवरच्यांचे भाकीत खरे ठरले असते आणि बाई अधिकच घाबरल्या असत्या. शेजाऱ्यांना गोळा करून समजावता आले असते, पण त्यात बाईंची चारचौघांत शोभा झाली असती आणि अब्रूचीच भीती घालून त्यांना धरून ठेवले होते. महिला हवालदाराने वेगळा मार्ग घेतला. त्या दाराबाहेरून म्हणाल्या, “बाई, आमच्यावर विश्वास ठेवू नका. आम्ही जातो. ठाणं कुठं आहे ते तुम्हाला माहीत आहे, राखीपौर्णिमेला शाळेतल्या मुली घेऊन तुम्ही येत होता. तुम्हाला वाटेल तेव्हा तुमच्या पायानं या आणि तुमच्या नावावर काही आहे का, ते स्वतः विचारा.” एवढे बोलून दोघे निघून गेले. ओळखपत्र आत राहिले होते, तेही त्यांनी परत मागितले नाही.

या बोलण्यात बाईंना काही मानायला सांगितलेले नव्हते, तपासायला सांगितले होते. शिवाय तपासण्याची जागा बाईंनी स्वतः वर्षानुवर्षे पाहिलेली होती. खांद्यावरचे स्टार बनवता येतात, न्यायालयाचा कागद बनवता येतो, पण शहराच्या मुख्य रस्त्यावरची दगडी इमारत कोणी फोनवरून बनवू शकत नाही.

बाईंना निर्णय घ्यायला दोन तास लागले. पावणेनऊला त्यांनी मोबाईल टेबलावर रिकाम्या खुर्चीकडे तोंड करून ठेवला, न्हाणीघरात जाते असे सांगितले, मागच्या दाराने बाहेर पडून शेजारच्या काकूंना सोबत घेतले आणि चालत ठाणे गाठले.

तेथे ठाणे अंमलदारांनी एकच प्रश्न विचारला : “गु.र.नं. काय आहे?” बाईंनी आणलेल्या कागदावर गुन्हा रजिस्टर क्रमांक नव्हता. त्या जागी ‘केस आयडी’ म्हणून इंग्रजी अक्षरे आणि आकडे यांची लांबलचक ओळ होती. पोलीस ठाण्याचे नाव नव्हते, वर्ष नव्हते, कलमेही नव्हती. ज्यांनी सारी नोकरी शाळेच्या जनरल रजिस्टरमधील अनुक्रमांकांवर आणि दाखल्यांवर नजर ठेवण्यात घालवली, त्यांना यापुढे काही समजावून सांगावे लागले नाही. गणवेश, ध्वज आणि वायरलेस यांनी जे उभे केले होते, ते नोंदवहीतल्या एका रिकाम्या रकान्याने पडले.

कृती आणि परिणाम

रात्री साडेनऊला ठाण्यातूनच १९३० या मदत क्रमांकावर तक्रार नोंदवली गेली आणि राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तिची पुढील माहिती भरली. २०२१ पासून चालू असलेल्या या व्यवस्थेत तक्रार होताच ज्या ज्या खात्यांत पैसे गेले, त्या बँकांना एकाच वेळी सूचना जाते आणि शिल्लक असलेली रक्कम रोखली जाते. मात्र पैसे हलण्याचा वेग या व्यवस्थेपेक्षा अधिक असतो. मंगळवार दुपार ते बुधवार रात्र या अवधीत ४,८०,००० रुपये पहिल्या खात्यातून अनेक लहान खात्यांत आणि तेथून पुढे गेले होते. १,१२,००० रुपये दोन खात्यांत अडकलेले सापडले. बुधवारची मुदत ठेव सुरक्षित राहिली.

भारतीय न्याय संहितेच्या फसवणूक, तोतयेगिरी आणि लोकसेवक असल्याची बतावणी या कलमांखाली, तसेच माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६-क आणि ६६-ड खाली गुन्हा दाखल झाला. पहिले चालू खाते एका छोट्या दुकानदाराचे निघाले. त्याने कमिशनच्या आशेने चेकबुक, सिमकार्ड आणि पासवर्ड कोणाला तरी देऊन टाकला होता. प्रत्यक्ष फोन करणाऱ्यांपर्यंत तपास पोहोचलेला नाही. असे अनेक कॉल कंबोडिया, म्यानमार आणि लाओसमधील वसाहतींतून होतात आणि तेथे नोकरीच्या आमिषाने नेऊन अडकवलेले भारतीय तरुणही बसवलेले असतात, हे सरकारी यंत्रणांनी सांगितलेले आहे. ‘मावशी’ म्हणणारा तो हवालदार कोण होता आणि कोणत्या परिस्थितीत बोलत होता, हे त्यामुळे ठामपणे सांगता येत नाही.

रोखलेली रक्कम न्यायालयात अर्ज केल्यावर काही महिन्यांनी परत मिळाली. उरलेल्या रकमेसाठी बाईंनी बँकेकडे मागणी केली, ती मान्य झाली नाही. रिझर्व्ह बँकेच्या जुलै २०१७ च्या परिपत्रकाने अनधिकृत व्यवहारांत ग्राहकाची जबाबदारी मर्यादित केली होती. पण येथे ग्राहकाने स्वतः सही करून पैसे पाठवले असल्याने व्यवहार अनधिकृत ठरत नाही, अशी बँकेची भूमिका आहे. नियमाच्या शब्दांप्रमाणे ती चुकीची म्हणता येणार नाही. कानाशी धमकी चालू असताना केलेली सही ही ग्राहकाची संमती मानायची का, या प्रश्नाला मात्र त्या नियमात जागा नव्हती.

वेगळे काय करता आले असते

मंगळवारी काउंटरवर विचारलेला ‘पैसे कशासाठी?’ हा प्रश्न निरुपयोगी ठरला, कारण त्याचे उत्तर भामट्यांनी आधीच तयार करून दिले होते. बँकांमध्ये हाच प्रश्न विचारण्याची पद्धत आहे आणि तो विचारला की काळजी घेतल्याचे समाधान मिळते. ‘आत्ता कोणाशी फोन चालू आहे का?’, ‘आम्हाला काय सांगायचे हे कोणी सांगितले आहे का?’ हे प्रश्न वेगळ्या जातीचे आहेत. त्यांची उत्तरे खोटी दिली तरी चेहरा काही सांगून जातो, बुधवारच्या चिठ्ठीने ते दाखवले. पेढीचे नाव आणि सांगितलेले कारण यांतली विसंगती तर मंगळवारीही समोर होती.

मुलाला न कळवण्याच्या निर्णयावर मतभेद आहेत. गोपनीयतेचा नियम व्यवस्थापकांनी पाळला आणि त्यासाठी त्यांना दोष देता येत नाही. परंतु खात्यातील एकही आकडा न सांगता ‘आईंची तब्येत ठीक दिसत नाही, कोणाला तरी पाठवून पाहा’ एवढे कळवणे गोपनीयतेचा भंग ठरले नसते, असे माझे मत आहे. मुलाने बाईंच्या बहिणीला पाठवले असते तर दार कदाचित सात वाजताच उघडले असते, आणि ओळखपत्र मागण्याचा प्रसंगही आला नसता. व्यवस्थापकांचे म्हणणे असे की, मुलानेच घाबरून आईला फोन केला असता तर पलीकडचे सावध झाले असते. यातले कोणते बरोबर हे सांगणे अवघड आहे.

पोलिसांच्या बाबतीत पहिली भेट साध्या वेशात किंवा ओळखीच्या व्यक्तीसोबत झाली असती तर वेळ वाचला असता, हे आता त्या ठाण्यातही मान्य केले जाते. ओळखपत्र दाखवणे हा पडताळणीचा पुरावा मानला जातो, पण सामान्य नागरिकाला त्यातले खरे-खोटे ओळखण्याचे कोणतेही साधन नसते. स्वतः शोधलेल्या क्रमांकावर फोन करणे, ११२ डायल करणे किंवा ठाण्यात जाणे यांतच पडताळणी आहे, कारण तेथे संपर्क नागरिक सुरू करतो. समोरच्याने दिलेला क्रमांक, त्याने दाखवलेले पत्र किंवा त्याने जोडून दिलेला ‘वरिष्ठ’ यांच्यामार्फत केलेली खातरजमा ही त्याचीच पुनरावृत्ती असते.

कायद्याची माहिती किती उपयोगी पडली असती, याबद्दल मी फारसा आशावादी नाही. भारतीय कायद्यात व्हिडिओ कॉलवरून अटक ही गोष्ट अस्तित्वात नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ ची, म्हणजे चौकशीला हजर राहण्याची, नोटीस पोलिसांनी व्हॉट्सअ‍ॅपने बजावू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने या घटनेच्या आदल्याच महिन्यात, जानेवारी २०२५ मध्ये, स्पष्ट केले होते. याच न्यायालयाच्या नावाने खोटे आदेश फिरू लागल्यावर त्याने ऑक्टोबर २०२५ मध्ये स्वतःहून दखल घेतली आणि १ डिसेंबरला तपास सीबीआयकडे सोपवण्याचे निर्देश दिले. पण सोमवारी सकाळी दहा वाजता घाबरलेल्या माणसाला कलम आठवत नाही. एखादे माणूस आठवू शकते. बाईंच्या मुलाने पूर्वी ‘अनोळखी फोन उचलू नकोस’ असे अनेकदा बजावले होते. ज्यांचे शेकडो विद्यार्थी आहेत, त्यांना ही सूचना पाळणे शक्यच नव्हते. आता मायलेकांत ठरले आहे ते इतकेच की, ‘कोणालाही सांगू नका’ असे जो म्हणेल, त्याचा फोन ठेवून तीच गोष्ट आधी मुलाला सांगायची. विषय पोलिसांचा असो, बँकेचा असो की आणखी कशाचा, नावाशी या नियमाला देणेघेणे नाही.

शाखेने यानंतर साठ वर्षांवरील ग्राहकांची मोठी ठेव मोडताना केबिनमध्ये बसवून, मोबाईल बाहेर ठेवायला सांगून बोलण्याची पद्धत सुरू केली आहे. काही ग्राहक चिडतात आणि एकाने लेखी तक्रारही केली आहे. मृत्यूच्या दाखल्याची नोंद वेळेवर झालेली असती, तर बुधवारी ११,५०,००० रुपये थांबवण्यासाठी नियमाचा कोणताही आधार आपल्याकडे नव्हता, हे व्यवस्थापक स्वतः सांगतात. तसा आधार मिळावा म्हणून, धमकीखाली असल्याचा संशय असलेल्या ग्राहकाचा व्यवहार काही तास राखून ठेवण्याचा अधिकार शाखेला द्यावा, असा प्रस्ताव त्यांनी मुख्य कार्यालयाकडे पाठवला आहे. त्यावर उत्तर आलेले नाही.